सोळा आकडे आणि एक टोपणनाव: इंडोनेशियातल्या किशोरांची माहिती निसटते कुठून?

इंडोनेशियात सतरा वर्षं पूर्ण झाली की मुलामुलींना केटेपे मिळतं, म्हणजे तिथलं राष्ट्रीय ओळखपत्र. दहा बोटांचे ठसे, बुबुळांची नोंद, सही आणि फोटो दिल्यावर हातात येणारं ते निळसर कार्ड म्हणजे मोठं झाल्याची पावती. साहजिकच बरीच मुलं त्याचा फोटो इन्स्टाग्रामच्या स्टोरीला लावतात. काही जण काळजी म्हणून फोटोतला चेहरा झाकतात आणि नंबर तसाच उघडा ठेवतात. खरं तर झाकायला हवा तो नंबर.

या नंबरला ‘निक’ म्हणतात, आणि तो वाचता येतो. एकूण सोळा आकडे. पहिले दोन प्रांताचे, पुढचे दोन जिल्ह्याचे किंवा शहराचे, त्यापुढचे दोन तालुक्याचे. मग सहा आकडे जन्मतारखेचे: दिवस, महिना, वर्ष. मुलगी असेल तर दिवसाच्या आकड्यात ४० मिळवलेले असतात. शेवटचे चार अनुक्रमाचे. समजा एखादा निक ३२७३ने सुरू होतोय आणि मधे ५४०९०८ आहे. ३२ म्हणजे पश्चिम जावा, ३२७३ म्हणजे बांडुंग शहर. ५४मधून ४० वजा केले की उरले १४. म्हणजे ही १४ सप्टेंबर २००८ला जन्मलेली मुलगी आणि तिची नोंद बांडुंगची. नाव कळायच्या आधीच एवढं कळलं. आपल्या आधारचे बारा आकडे याच कारणासाठी मुद्दाम अर्थहीन ठेवलेले आहेत. त्यांच्यावरून ना जिल्हा कळतो, ना वय.

आता याला एक जोड द्या. इंडोनेशियात एटीएमचा पिन सहा आकडी असतो. सोळा-सतरा वर्षांचं पोर पहिल्यांदा बँकेत खातं उघडतं तेव्हा सहा आकडे कोणते ठेवेल? सगळ्यात आधी सुचते ती जन्मतारीख, आणि तीच निकमध्ये सातव्या ते बाराव्या आकड्यांत छापलेली असते.

केटेपेच्या आधीपासून घरात आणखी एक कागद असतो: कार्तू केलुआर्गा, म्हणजे कुटुंबपत्रिका. आपल्या रेशनकार्डासारखी, पण त्याहून बोलकी. तिचा स्वतःचा सोळा आकडी नंबर असतो, घरातल्या प्रत्येकाचा निक असतो, आणि प्रत्येकाच्या आईवडलांची नावं असतात. इंडोनेशियातल्या बँका ग्राहकाची खात्री करताना सर्रास विचारतात, ‘जन्मदात्या आईचं नाव काय?’ म्हणजे ज्याच्याकडे कुटुंबपत्रिकेचा फोटो आहे त्याच्याकडे या प्रश्नाचं उत्तरही आहे. शाळाप्रवेशात घराच्या पत्त्याला महत्त्व असल्यामुळे ही पत्रिका दरवर्षी लाखो घरांतून स्कॅन होते. ती व्हॉट्सअ‍ॅपवर शिक्षकांना, झेरॉक्सवाल्याला, फॉर्म भरून देणाऱ्या ओळखीच्या दादाला पाठवली जाते. या झेरॉक्सच्या रद्दीत गोरेंगान, म्हणजे तिथली भजी, बांधून मिळाल्याचे फोटो इंडोनेशियात अनेकदा गाजले आहेत. वडापावचा कागद उलटून वाचणाऱ्या मराठी माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको.

३१ ऑक्टोबर २०१७पासून तिथे सिमकार्ड चालू करायला निक आणि कुटुंबपत्रिकेचा नंबर ४४४४वर एसएमएस करावा लागू लागला. त्यामुळे मोबाइल नंबर, निक आणि कुटुंब हे तिन्ही एका धाग्यात ओवले गेले. ऑगस्ट २०२२च्या अखेरीस ‘ब्योर्का’ या टोपणनावाच्या व्यक्तीने सिमनोंदणीच्या १.३ अब्ज नोंदी विकायला असल्याचा दावा केला, तेव्हा देशभर खळबळ उडाली ती या धाग्यामुळे.

लपवायचं कोणापासून?

इंडोनेशियातल्या मुलांना खासगीपणा कळत नाही असं म्हणणं त्यांच्यावर अन्याय करणारं आहे. खासगीपणा त्यांना फार चांगला कळतो. एक खातं जगासाठी, दुसरं पंधरा-वीस मित्रमैत्रिणींसाठी. स्टोरी ‘क्लोज फ्रेंड्स’पुरती. नाक खुपसणाऱ्याला तिथे ‘केपो’ म्हणतात. केपो मावशीला काय दिसावं आणि काय नाही याचा हिशोब चौदा वर्षांच्या मुलीच्या डोक्यात पक्का असतो. पण हा सगळा बंदोबस्त ओळखीच्या माणसांविरुद्ध असतो. तीच मुलगी स्पर्धेचा फॉर्म, मोफत डेटाचं आमिष किंवा नवं अ‍ॅप समोर आलं की निक, फोटो आणि फोनमधले सगळे नंबर बिनदिक्कत देऊन टाकते, कारण पलीकडे कोणी माणूस बसलाय असं तिला वाटतच नाही.

आकडेही हेच सांगतात. सरकारच्या २०२२च्या डिजिटल साक्षरता निर्देशांकात ५पैकी एकूण गुण होते ३.५४. त्यात डिजिटल संस्कृतीला ३.८४ आणि सुरक्षिततेला ३.१२, चारही घटकांत सर्वांत कमी. हा निर्देशांक सर्व वयोगटांचा आहे, म्हणून दोष एकट्या पोरांच्या माथी मारता येत नाही. आईबापांना मुलं ‘गापतेक’ म्हणतात, म्हणजे तंत्रज्ञानापुढे अडखळणारे, आणि घरातले सगळे पासवर्ड शेवटी मुलांच्याच हाती असतात. शाळेचं म्हणाल तर २०१३च्या अभ्यासक्रमात संगणकाचा स्वतंत्र विषयच काढून टाकला होता. ‘इन्फॉर्मातिका’ या नावाने तो नव्या अभ्यासक्रमातून परतला, पण मधल्या वर्षांत एक अख्खी पिढी फोन हातात घेऊन मोठी झाली आणि फोन कसा चालतो हे तिला कोणी शिकवलं नाही.

टोपणनावाची किंमत

नोव्हेंबर २०२१मध्ये इन्स्टाग्रामवर ‘अ‍ॅड युअर्स’ नावाचा स्टिकर आला. एकाने प्रश्न टाकायचा, बाकीच्यांनी आपल्या स्टोरीत उत्तर जोडायचं, अशी साखळी. इंडोनेशियात एक साखळी भराभर पसरली: ‘तुला कोणकोणत्या नावांनी हाक मारतात?’ घरचं लाडाचं नाव, शाळेतलं चिडवायचं नाव, आजी म्हणते ते नाव. उत्तरं द्यायला मजा येत होती आणि त्यात कुणालाच काही गैर वाटलं नाही. काही दिवसांतच एका मुलीला पैसे मागणारा फोन आला. बोलणाऱ्याने तिला अगदी जवळच्यांनाच माहीत असलेल्या नावाने हाक मारली. तिला वाटलं मैत्रीणच अडचणीत आहे. पैसे गेले.

ठगाला पासवर्ड लागला नाही, हे नीट ध्यानात घ्यायला हवं. समोरच्याचा संशय मिटायला एक शब्द पुरतो, आणि तो शब्द तिने स्वतःच सार्वजनिक केला होता. साखळीवर टिचकी मारली की उघडी खाती असणाऱ्या सगळ्यांची उत्तरं एकाखाली एक दिसतात. शोधायचे कष्टसुद्धा नाहीत. जन्मतारीख, सही आणि जुना पत्ता विचारणाऱ्या साखळ्याही त्या काळात फिरत होत्या.

यावर उपाय साधा आहे. खातं खासगी ठेवा. त्याहून महत्त्वाचं म्हणजे घरात आणि मैत्रीत एक नियम ठरवा: पैशांचा निरोप कोणाच्याही नावाने आला, तरी आपल्याकडे जतन असलेल्या जुन्या नंबरवर आपणच फोन करायचा. ज्या नंबरवरून निरोप आला त्यावर उलट फोन करून उपयोग नाही.

ओळखपत्र द्यायचंच असेल तर

जानेवारी २०२२मध्ये सेमारांगच्या एका विद्यार्थ्याने रोज काढलेले सेल्फी डिजिटल टोकन म्हणून विकले आणि भरपूर पैसे मिळवले. ते पाहून काही तरुणांनी हातात केटेपे धरलेले सेल्फी विकायला ठेवले. गृहखात्याला जाहीर इशारा द्यावा लागला. चेहरा आणि ओळखपत्र एकाच फोटोत असणं ही ऑनलाइन कर्ज किंवा वॉलेटचं खातं उघडताना मागितली जाणारी नेमकी गोष्ट आहे. ती बाजारात ठेवणं म्हणजे कोऱ्या कागदावर सही करून तो चौकात चिकटवणं.

तरी ओळखपत्राची प्रत खऱ्या कामासाठी द्यावीच लागते. तेव्हा फोनमधल्या फोटो संपादनात जाऊन प्रतीवर आडवी, कार्डाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जाणारी ओळ लिहा: कोणासाठी, कशासाठी, कोणत्या तारखेला. कोपऱ्यात लिहू नका, कोपरा कापता येतो. ओळ छायाचित्रावरून आणि मजकुरावरून जायला हवी, मात्र निक वाचता आला पाहिजे, नाहीतर कार्यालय प्रत परत पाठवतं. पाठवून झालं की मूळ फोटो पुसा, आणि इथेच बहुतेक जण चुकतात. गॅलरीतून पुसलेला फोटो अँड्रॉइडवर व्हॉट्सअ‍ॅपच्या ‘सेंट’ फोल्डरमध्ये शिल्लक राहू शकतो. गूगल फोटोजवर बॅकअप झालेला असेल तर पुसल्यावरही तो ६० दिवस ट्रॅशमध्ये पडून राहतो. तिन्ही जागा साफ केल्याशिवाय फोटो गेला असं समजू नये.

नवं केटेपे मिळालेल्या मुलांना आणखी एक आमिष दाखवलं जातं: तुझ्या नावाने बँक खातं उघड, कार्ड आणि पिन मला दे, काही लाख रुपिया घे. काही लाख रुपिया ऐकायला मोठी रक्कम वाटते, पण आपल्या हिशोबाने ती हजार-दोन हजार रुपयांच्या आसपास भरते. अशा खात्यांतून ऑनलाइन जुगाराचे आणि फसवणुकीचे पैसे फिरतात, आणि पोलिस पोचतात ते नाव असलेल्या मुलाच्या दारात.

कर्जाचं अ‍ॅप आणि ‘चामिलान’

ऑनलाइन कर्जाला इंडोनेशियात ‘पिन्जोल’ म्हणतात. वित्तीय नियामक ‘ओजेका’ने परवानाधारक पिन्जोल अ‍ॅपना फोनमधल्या तीनच गोष्टींना हात लावायची मुभा दिली आहे: कॅमेरा, मायक्रोफोन आणि लोकेशन. या तिन्हींची आद्याक्षरं जुळवून त्यांनी ‘चामिलान’ असा शब्द केला. एरवी त्याचा अर्थ मधल्या वेळचा खाऊ. पोरांच्या लक्षात राहावं म्हणून केलेली ही युक्ती चांगली आहे. अ‍ॅपने चामिलानपलीकडे काही मागितलं, विशेषतः कॉन्टॅक्ट्स किंवा गॅलरी, तर ते बेकायदा समजायचं आणि काढून टाकायचं.

कॉन्टॅक्ट्स कशाला हवे असतात? हप्ता चुकला की वसुलीवाले कर्जदाराला सोडून त्याच्या फोनमधल्या सगळ्यांना निरोप धाडतात: वर्गशिक्षक, मामा, जुनी मैत्रीण. कर्ज मोठ्या भावाने घेतलेलं असतं आणि बदनामीचा निरोप धाकट्या बहिणीच्या वर्गाच्या ग्रुपवर येतो. भारतात हा छळ इतका वाढला की २०२२मध्ये रिझर्व्ह बँकेनेही कर्जाच्या अ‍ॅपना कॉन्टॅक्ट्स, कॉल लॉग आणि फायलींपासून दूर राहायला सांगितलं. मुभा ठेवली ती ग्राहकाची संमती घेऊन, एकदाच, आणि ग्राहकाची ओळख पटवायला लागणाऱ्या गोष्टींपुरती: कॅमेरा, मायक्रोफोन, लोकेशन वगैरे.

तपासायला दोन मिनिटं लागतात. अँड्रॉइड फोनच्या सेटिंग्जमध्ये प्रायव्हसी, तिथे परमिशन मॅनेजर, त्यात कॉन्टॅक्ट्स. कोणकोणती अ‍ॅप तुमचे नंबर वाचतात ती यादी समोर येते. टॉर्च, वॉलपेपर किंवा कॅल्क्युलेटर त्या यादीत असेल तर परवानगी काढा. नंतर एसएमएसची यादीही तशीच बघा. ती जास्त महत्त्वाची आहे, आणि का ते पुढे येतंच.

लग्नाचं आमंत्रण

२०२३च्या सुरुवातीपासून इंडोनेशियात व्हॉट्सअ‍ॅपवर लग्नपत्रिका येऊ लागल्या. नाव ‘सुरात उंदांगान’, म्हणजे आमंत्रणपत्र, पण फाइलच्या नावाचा शेवट ‘.एपीके’. पत्रिका फोटो असेल किंवा पीडीएफ असेल. एपीके म्हणजे अ‍ॅप बसवणारी फाइल. टिचकी मारली की अँड्रॉइड आधी विचारतं, ‘या ठिकाणाहून आलेलं अ‍ॅप बसवायचं का?’ उत्सुकतेपोटी मूल ‘हो’ म्हणतं. मग अ‍ॅप एसएमएस वाचायची परवानगी मागतं, तीही मिळते. पत्रिका काही उघडत नाही. मूल कंटाळून फोन खाली ठेवतं आणि विसरून जातं. त्यानंतर येणारा प्रत्येक एसएमएस, ओटीपीसकट, बहुधा टेलिग्रामच्या एखाद्या बॉटमार्फत ठगाकडे जात राहतो. फोन आईचा असेल आणि त्यात बँकेचं अ‍ॅप असेल तर पुढचं सांगायला नको. भारतातही लग्नपत्रिका आणि वाहतूक दंडाच्या नावाने हाच प्रकार चालतो, फाइलसुद्धा एपीकेच.

चुकून फाइल बसलीच तर क्रम महत्त्वाचा आहे. आधी इंटरनेट बंद करा आणि सिमकार्ड काढा. एसएमएस येणंच थांबलं की पुढे पाठवायला काही उरत नाही. मग दुसऱ्या फोनवरून बँकेला फोन करून मोबाइल बँकिंग गोठवा. त्यानंतर अ‍ॅप शोधून काढा. आयकॉन लपवलेलं असू शकतं, म्हणून सेटिंग्जमधल्या अ‍ॅपच्या पूर्ण यादीत बघा. शेवटी फोन फॅक्टरी रीसेट करा आणि पासवर्ड दुसऱ्या, स्वच्छ उपकरणावरून बदला. घाबरून पहिल्या फटक्यात त्याच फोनवर पासवर्ड बदलायला गेलात, तर नवा ओटीपीही ठगालाच मिळतो.

आधीच करून ठेवायचं काम एकच: व्हॉट्सअ‍ॅपच्या सेटिंग्जमध्ये अकाउंट, तिथे टू-स्टेप व्हेरिफिकेशन. सहा आकडी पिन ठेवा आणि ईमेल जोडा. ओटीपी चोरीला गेला तरी हा पिन लागतोच. फक्त तो जन्मतारीख नको.

सिमचंही असंच. तिथली मुलं स्वस्त डेटा मिळेल तसं सिम बदलतात. रिचार्ज न केलेलं कार्ड ‘हांगुस’ होतं, शब्दशः करपतं, आणि तो नंबर कंपनी पुढे दुसऱ्याला विकते. जुन्या नंबरावर बांधलेल्या खात्यांचे ओटीपी मग त्या अनोळखी माणसाला जातात. कार्ड करपण्याआधी व्हॉट्सअ‍ॅपमध्ये ‘चेंज नंबर’ करा, आणि ईमेल, वॉलेट, खेळांची खाती एकेक करून नव्या नंबरावर न्या.

कायद्याने काय दिलं

२०२२चा २७ क्रमांकाचा कायदा, म्हणजे व्यक्तिगत माहिती संरक्षण कायदा, मुलांच्या माहितीला आरोग्य आणि बायोमेट्रिक माहितीच्या पंगतीला बसवतो आणि ती वापरायला पालकांची संमती मागतो. माहिती फुटली तर ३ गुणिले २४ तासांत लेखी कळवणं बंधनकारक आहे. दंड वार्षिक उत्पन्नाच्या २ टक्क्यांपर्यंत जातो. पण १७ ऑक्टोबर २०२४ला संक्रमणाची मुदत संपली, तेव्हा हे सगळं राबवणारी स्वतंत्र संस्थाच उभी राहिलेली नव्हती. त्याच वर्षी जूनमध्ये सुराबायातल्या राष्ट्रीय माहिती केंद्रावर खंडणीचा सायबर हल्ला झाला. बहुतेक माहितीचा बॅकअप नव्हता, आणि फटका बसलेल्या सेवांमध्ये गरीब विद्यार्थ्यांची शिष्यवृत्तीही होती. ज्या मुलांना ‘जपून राहा’ सांगायचं त्यांच्याकडून सक्तीने घेतलेली माहिती राज्य जपू शकलं नाही, ही गोष्ट बोचणारी आहे.

मार्च २०२५च्या १७ क्रमांकाच्या नियमाने वयाच्या पायऱ्या ठरवल्या: १३च्या आत फक्त मुलांसाठी बनवलेल्या सेवा, १३ ते १६ कमी धोक्याच्या सेवा, १६ ते १८ बाकीच्या, सगळीकडे पालकांची संमती. अडचण घरात आहे. पालकाचा ईमेल मुलानेच काढलेला असतो, पासवर्डही त्यालाच माहीत असतो. संमतीचं बटण कोण दाबणार हे उघड आहे. भारताच्या २०२३च्या कायद्यातही १८च्या आतल्यांसाठी पालकांच्या पडताळलेल्या संमतीची अट आहे, म्हणून हा प्रश्न आपल्याही दाराशी आलेलाच आहे.

फोटोवरून धमकी आली तर

हा भाग मुलांनी वाचावा, आणि आईबापांनी त्याहून आधी वाचावा. ओळख वाढवून खासगी फोटो मिळवायचा आणि मग ‘पैसे दे, नाहीतर घरी पाठवतो’ म्हणायचं, हा धंदा इंडोनेशियातही चालतो. धमकी देणाऱ्याचं भांडवल फोटोपेक्षा मुलाची भीती असते: घरी कळलं तर काय होईल? जे दुसरं खातं घरच्यांपासून लपवायला काढलं होतं, तेच त्याला मुलाला एकटं गाठायला उपयोगी पडतं.

पैसे पाठवू नका. एकदा दिले की मागणी वाढते, कारण देणारा सापडल्याची खात्री पटलेली असते. गप्पा पुसू नका. खात्याचं नाव, लिंक, तारीख आणि वेळ दिसेल असे स्क्रीनशॉट घ्या, मगच ब्लॉक करा. आधी ब्लॉक केलं आणि समोरच्याने खातं उडवलं तर पुरावा हातचा जातो. फोटो काढला तेव्हा वय १८च्या आत असेल तर ‘टेक इट डाउन’ ही मोफत सेवा वापरता येते. तिथे फोटो द्यावा लागत नाही. तुमच्याच फोनवर त्याची आकड्यांची खूण तयार होते आणि फक्त ती खूण सहभागी कंपन्यांकडे जाते. तोच फोटो कोणी त्यांच्या सेवेवर चढवू लागला की खूण जुळते आणि त्यांना तो रोखता येतो. मात्र खूण त्याच फाइलची असते. फोटो कापला किंवा त्याचा रंग बदलला तर ती जुळेलच असं नाही, म्हणून हाती असलेली प्रत्येक आवृत्ती नोंदवावी.

इंडोनेशियात २०२२च्या १२ क्रमांकाच्या कायद्याने संमतीशिवाय असं चित्रण करणं किंवा पाठवणं हा गुन्हा ठरवला आहे. शिक्षा ४ वर्षांपर्यंत कैद, २० कोटी रुपियांपर्यंत दंड किंवा दोन्ही. महिला आणि बालसंरक्षण मंत्रालयाची मदतवाहिनी १२९ आहे. फोन मुलाने स्वतः केला तरी चालतो. बोलताना स्क्रीनशॉट हाताशी ठेवा, पहिली धमकी कधी आली ते सांगा, आणि शक्य असेल तर घरातलं एक मोठं माणूस शेजारी बसवा. आईला सांगवत नसेल तर मोठी बहीण, काकू, शाळेतल्या बाई, कोणीही चालेल.